खेळ गेला, धसकटे राहिली

प्रात्यक्षिकाचा तास संपला होता. मुले वह्या आवरून निघाली होती. अकरावीतला एक विद्यार्थी मात्र टेबलापाशी घुटमळत राहिला. शेवटी धीर करून म्हणाला, "सर, पुसून टाकलेल्या खेळाला माणसाचे नाव आठवते का?"

हकीकत अशी होती. त्याच्या वडिलांनी सोलापुरातच एक जुना संगणक विकत घेतला. त्यावर एकही खेळ नव्हता. मुलाने मोटारींच्या शर्यतीचा एक खेळ नव्याने आणून बसवला. सुरू करून पाहतो तर काय, पहिल्या टप्प्याऐवजी खेळ थेट अकराव्या टप्प्यावर उघडला आणि पडद्यावर एका अनोळखी मुलाचे नाव झळकले! शोध घेताना त्याला एक फोल्डर सापडला. त्यात खेळाच्या जुन्या नोंदी होत्या, आणि शेजारीच त्या अनोळखी मुलाच्या परीक्षेच्या प्रवेशपत्राची फाइल होती.

"नावावरूनच कळले, सर. मी ती उघडली नाही. पण हा खेळ त्याने काढून टाकला होता ना? मग हे सगळे राहिले कसे? आणि आता मी काय करू?"

मित्रहो, या मुलाचे दोन्ही प्रश्न मोलाचे आहेत. पहिल्याचे उत्तर संगणकशास्त्रात आणि पदार्थविज्ञानात आहे. दुसऱ्याचे उत्तर थोडे आपल्या वागणुकीतही आहे. आपण क्रमाने पाहू.

कॅसेट काढली, खेळ संपला

१९९० च्या सुमारास दूरदर्शन संचाला जोडायचे व्हिडिओ गेमचे यंत्र पुष्कळ घरांत असे. त्यात वरून एक कॅसेट खोचायची आणि खेळायचे. ही कॅसेट म्हणजे फीत नव्हे. तिच्या आत फक्त वाचता येईल अशी, कायमची कोरलेली स्मृती होती. यंत्र त्या स्मृतीतून खेळ वाचत असे. बहुतेक खेळांत यंत्र स्वतःजवळ काहीच लिहून ठेवत नसे. वीज गेली की मिळवलेले गुणही गेले! कॅसेट उपसून काढली की यंत्रात त्या खेळाचा मागमूस उरत नसे. त्यामुळे 'खेळ पूर्ण कसा काढावा' हा प्रश्न तेव्हा कोणाला पडलाच नाही.

संगणकाची गोष्ट वेगळी आहे. संगणक खेळ नुसता वाचत नाही. तो बसवून घेतो आणि पुढे रोज त्याच्याविषयी काही ना काही लिहीत राहतो. जिथे लिहिणे आले, तिथे पुसण्याचा प्रश्न आला.

एक खेळ, अनेक बिऱ्हाडे

'विंडोज' प्रणालीच्या संगणकाचे उदाहरण घेऊ. खेळ बसवला की त्याचा मोठा भाग, म्हणजे चित्रे, ध्वनी आणि मुख्य आज्ञावली, बहुधा 'प्रोग्रॅम फाइल्स' नावाच्या फोल्डरमध्ये जातो. पण हे त्याचे एकमेव बिऱ्हाड नव्हे. आपण कोणत्या टप्प्यावर पोचलो याच्या नोंदी 'डॉक्युमेंट्स', 'सेव्ह्ड गेम्स' किंवा 'ॲपडेटा' या फोल्डरांत पडतात. यातला 'ॲपडेटा' हा फोल्डर लपवलेला असतो. सहज पाहणाऱ्याला तो दिसतच नाही. पडद्याचा उजेड, आवाज, कळांची मांडणी अशा पसंतीच्या बाबीही तिथेच किंवा 'रजिस्ट्री' नावाच्या मध्यवर्ती नोंदवहीत लिहिल्या जातात. चित्रांतील छायाप्रकाशाची गणिते दरवेळी नव्याने करावी लागू नयेत म्हणून ती एकदा करून वेगळी साठवलेली असतात. शिवाय खेळ मध्येच बंद पडला तर त्याचा अहवाल, खेळताना टिपलेली चित्रे, मित्राकडून आणलेल्या जास्तीच्या गाड्या, आणि खेळ इंटरनेटशी जोडलेला असेल तर दूरच्या कुठल्या तरी संगणकावर ठेवलेली आपल्या प्रगतीची प्रत! एवढा हा पसारा.

आता 'अनइन्स्टॉल' हा आदेश दिल्यावर काय होते ते पाहा. खेळ बसवताना कोणकोणत्या फाइली कुठे ठेवल्या याची यादी बहुधा तयार होते. काढणारी आज्ञावली ती यादी हाती घेऊन एकेक फाइल काढत जाते. यादीत जे आहे ते जाते. खेळ बसवल्यानंतर जे जन्माला आले, ते यादीत नसते. म्हणून ते बऱ्याचदा राहते.

काही गोष्टी मुद्दाम ठेवल्या जातात, हेही लक्षात घ्या. खेळाडू पुन्हा परत आला तर त्याला अकराव्या टप्प्यावरून पुढे जाता यावे, म्हणून नोंदी राखून ठेवण्याची पद्धत आहे. तसेच काही सहायक फाइली दोन-चार खेळांत सामाईक असतात. एक खेळ काढताना त्याही काढल्या तर बाकीचे खेळ बंद पडतील.

आपल्या सोलापूर जिल्ह्यात रब्बी ज्वारी उदंड. ज्यांच्या घरी शेती आहे त्यांना माहीत आहे, की विळ्याने ज्वारी कापली तर कणसे घरी येतात, कडब्याच्या पेंढ्या बांधल्या जातात, पण रानात धसकटे उभी राहतात. ज्वारी मुळासकट उपटली तर गोष्ट वेगळी. संगणकातील काढणी ही बहुधा विळ्याने केलेली काढणी असते. त्या अनोळखी मुलाचे नाव आणि अकरावा टप्पा ही अशीच राहून गेलेली धसकटे होती.

ही धसकटे किती जागा अडवतात? समजा, एका खेळाचे ६ गिगाबाइट मागे राहिले. संगणकावर देवनागरीतील एका चिन्हाला सामान्यतः ३ बाइट लागतात. एका पानावर २,००० चिन्हे धरली तर पान झाले ६,००० बाइटांचे. म्हणजे ६ गिगाबाइटांत मराठीची १० लाख पाने मावली असती! रजिस्ट्रीतील नोंदी मात्र क्वचितच काही हजार बाइटांपलीकडे जातात. त्या काढून संगणक वेगवान होतो ही समजूत बरोबर नाही.

सातबाऱ्यावरचे नाव

आता पुढची पायरी. समजा, आपण सगळी धसकटे हुडकून काढली, त्या फाइली पुसल्या आणि कचरापेटीही रिकामी केली. आता तरी तबकडी स्वच्छ झाली का?

नाही. कारण 'डिलीट' म्हणजे पुसणे नव्हेच!

तबकडीवर फाइली साठवताना संगणक एक नोंदवही ठेवतो. कोणती फाइल तबकडीच्या कोणत्या जागेपासून सुरू होते, किती लांब आहे, हे त्यात लिहिलेले असते. शेतजमिनीचा सातबारा असतो ना, तशीच ही वही. फाइल काढून टाका असे सांगितले की संगणक सातबाऱ्यावरचे नाव कमी करतो आणि ती जमीन मोकळी असल्याचे जाहीर करतो. रानातले पीक मात्र जागेवरच उभे असते. दुसऱ्या कोणी ती जमीन घेऊन नांगरेपर्यंत ते तसेच राहते.

पेनड्राइव्हवर आणि कॅमेऱ्याच्या कार्डावर पुष्कळदा 'फॅट ३२' नावाची मांडणी वापरतात. तिच्यात फाइल काढताना नोंदवहीतील नावाच्या पहिल्या अक्षराच्या जागी २२९ हा संकेतांक लिहिला जातो आणि तिच्या जागांची साखळी मोकळी केली जाते. प्रत्यक्ष मजकुराला हातही लागत नाही. १९९१ साली आलेल्या 'एमएस-डॉस ५.०' या प्रणालीत काढलेली फाइल परत आणण्याचा आदेश होता. तो वापरणाऱ्याला एक गमतीचा प्रश्न विचारीत असे: फाइलच्या नावाचे पहिले अक्षर कोणते होते? बाकीचे नाव त्याला वाचता येत असे. खोडले गेले होते ते फक्त पहिले अक्षर!

संगणक असे अर्धवट काम का करतो? कारण सरळ आहे. नाव कमी करायला क्षणाचाही अवधी लागत नाही. सारे रान नांगरायला वेळ लागतो. तबकडीवर सेकंदाला १५० मेगाबाइट या वेगाने लिहिता येते असे धरू. १ टेराबाइटची तबकडी शून्ये लिहून भरायची तर सुमारे ६,६६७ सेकंद, म्हणजे १ तास ५१ मिनिटे लागतील.

नांगरट

खरे पुसायचे तर जुन्या खुणेवर नवी खूण करावी लागते. फिरत्या तबकडीवर चुंबकीय द्रव्याचा अतिशय पातळ थर असतो. त्यातील कण मिलिमीटरच्या सुमारे लाखाव्या भागाएवढे बारीक असतात. अशा कणांच्या एकेका समूहाची चुंबकीय दिशा उलटसुलट करून ० आणि १ लिहिले जातात. त्यावर पुन्हा लिहिले की दिशा बदलते आणि आधीची खूण मोडते.

एकदा लिहिणे पुरेसे आहे का, याविषयी बरीच चर्चा झाली. १९९६ साली पीटर गुटमन या संगणकशास्त्रज्ञाने त्या वेळच्या निरनिराळ्या तबकड्यांचा विचार करून ३५ वेळा लिहिण्याची पद्धत मांडली. तबकड्यांवरील खुणा पुढे खूपच दाट झाल्या. अमेरिकेतील मानके ठरवणाऱ्या राष्ट्रीय संस्थेने २००६ साली आपल्या मार्गदर्शिकेत म्हटले, की बहुतेक आधुनिक चुंबकीय तबकड्यांना एकदाच लिहिणे पुरे होते. 'पस्तीस वेळा पुसा' हा सल्ला आजही ऐकू येतो. तो आता जुना झाला आहे.

आजच्या पुष्कळ संगणकांत फिरती तबकडीच नसते. तिच्या जागी 'एसएसडी' असते, आणि तिचा स्वभाव पेनड्राइव्हसारखा आहे. तिच्यातील स्मृतीला 'फ्लॅश' म्हणतात. हा प्रकार जपानमधील तोशिबा कंपनीत फुजिओ मासुओका यांनी शोधला आणि १९८४ साली जगापुढे मांडला. यातील पेशींत विद्युत्‌भार अडकवून खूण केली जाते. कॅमेऱ्याचा फ्लॅश उडावा तसा पेशींचा मोठा गट एका झटक्यात पुसला जातो, म्हणून मासुओका यांच्या एका सहकाऱ्याने हे नाव सुचवले. म्हणजे या स्मृतीचे नावच पुसण्यावरून पडले आहे!

इथे एक अडचण येते. या पेशी ठरावीक वेळाच पुसता येतात. मग त्या झिजतात. झीज सर्वांना सारखी वाटली जावी म्हणून आतला नियंत्रक दरवेळी नवी जागा निवडतो. तुम्ही एखाद्या फाइलवर शून्ये लिहिली, तरी ती शून्ये भलत्याच पेशींत जातील आणि जुना मजकूर जिथल्या तिथे राहील. यावर उपाय म्हणून 'ट्रिम' नावाचा आदेश असतो. संगणक त्याद्वारे नियंत्रकाला सांगतो, की अमुक जागा आता नको आहेत. मग नियंत्रक आपल्या सोयीने त्या पुसून ठेवतो.

आणखी एक युक्ती आहे, आणि ती मोठी सुंदर आहे. तबकडीवर पहिल्यापासूनच सारे कुलूपबंद सांकेतिक लिपीत लिहायचे. त्याची किल्ली असते २५६ बिटांची, म्हणजे अवघ्या ३२ बाइटांची. तबकडी विकताना तेवढी किल्ली पुसली की काम झाले! उरलेल्या अब्जावधी खुणा जागेवर राहतात, पण त्यांचा अर्थ कोणालाच लावता येत नाही. आजचे बहुतेक भ्रमणध्वनी याच तत्त्वावर पुसले जातात.

पुसण्याचे मोल

पुसायला वेळ लागतो हे पाहिले. पण पुसण्याला ऊर्जाही लागते का? यंत्र कितीही उत्तम बनवले, तरी काही किमान किंमत द्यावीच लागेल का?

हा प्रश्न आय.बी.एम. कंपनीतील पदार्थवैज्ञानिक रॉल्फ लांडाउअर यांनी १९६१ साली सोडवला. एक बिट पुसण्यापूर्वी त्याच्या दोन शक्यता असतात, ० किंवा १. पुसल्यावर एकच उरते. एक शक्यता नाहीशी झाली, म्हणजे तेथील अव्यवस्था कमी झाली. उष्मागतिकीच्या दुसऱ्या नियमाप्रमाणे ती विश्वातून नाहीशी होऊ शकत नाही. ती उष्णतेच्या रूपाने बाहेर पडावीच लागते. या उष्णतेचे किमान मूल्य म्हणजे बोल्ट्झमन स्थिरांक, निरपेक्ष तापमान आणि ०.६९३ यांचा गुणाकार.

सोलापूरचा मे महिना धरू. पारा ४२ अंश सेल्सिअसवर, म्हणजे निरपेक्ष तापमान ३१५. गुणाकार केला तर दर बिटामागे उत्तर येते दशांश चिन्हापुढे वीस शून्ये आणि मग ३, इतके ज्यूल. १ टेराबाइट म्हणजे ८ लाख कोटी बिट. ते सारे पुसायला एका ज्यूलचा सुमारे चार कोटीवा भाग पुरतो. १०० ग्रॅमचा पेरू एक मीटर उचलायला सुमारे १ ज्यूल लागतो, यावरून अंदाज करा!

प्रत्यक्षात तबकडी ६ वॅट वीज घेते असे धरले, तर १ तास ५१ मिनिटांत ४०,००० ज्यूल खर्च होतात. निसर्गाने सांगितलेल्या किमतीच्या दीड लाख कोटी पटींहून जास्त! तरीही ती मर्यादा काल्पनिक नाही. फ्रान्समधील ल्यों येथील शास्त्रज्ञांनी काचेचा सूक्ष्म मणी लेसर किरणांच्या दोन खळग्यांत खेळवून, एक बिट पुसताना बाहेर पडणारी उष्णता मोजली. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या त्या प्रयोगात लांडाउअर यांचे म्हणणे खरे ठरले. पुसणे हे श्रमाचे काम आहे. ते फुकट होत नाही.

जुन्या तबकड्यांची साक्ष

हे श्रम टाळले तर काय होते? अमेरिकेतील एम.आय.टी. या संस्थेत सिमसन गारफिंकल आणि अभी शेलट यांनी १५८ जुन्या तबकड्या बाजारातून विकत घेतल्या. त्यांपैकी १२९ चालू स्थितीत होत्या. २००३ साली त्यांनी निष्कर्ष प्रसिद्ध केले: नीट पुसलेल्या तबकड्या होत्या फक्त १२! बाकीच्यांत लोकांची पत्रे, आजारपणाची माहिती आणि हजारो क्रेडिट कार्डांचे क्रमांक वाचता येत होते. विकणाऱ्यांतील अनेकांनी फाइली काढून टाकल्या होत्या. त्यांना वाटले, पुसले.

भारतात २०२३ साली व्यक्तिगत डिजिटल माहितीच्या संरक्षणाचा कायदा संमत झाला. कंपन्यांकडे असलेली आपली माहिती पुसून मागण्याच्या हक्काची तरतूद त्यात आहे. पण आपल्याच घरातून आपल्याच हाताने बाहेर गेलेल्या तबकडीला कायदा कुठवर पुरणार?

मग करावे काय?

नुसता खेळ काढायचा असेल, तर आधी प्रगतीच्या नोंदी हव्या आहेत का ते ठरवा. हव्या असल्यास त्यांची प्रत दुसरीकडे ठेवा. मग संगणकाच्या 'सेटिंग्ज'मधून रीतसर अनइन्स्टॉल करा. खेळाचे फोल्डर नुसते उचलून कचरापेटीत टाकू नका. तसे केल्यास यादी हाती असूनही ती वापरली जात नाही. संगणक पुन्हा सुरू करा. त्यानंतर 'डॉक्युमेंट्स', 'सेव्ह्ड गेम्स' आणि लपवलेला 'ॲपडेटा' यांत त्या खेळाच्या किंवा तो बनवणाऱ्या कंपनीच्या नावाचे फोल्डर शोधा व काढा. नाव ओळखीचे नसेल तर हात लावू नका. रजिस्ट्रीत अंदाजाने काही पुसू नका. तिथली चुकीची नोंद गेली तर संगणकच सुरू न होण्याची भीती असते. खेळासाठी इंटरनेटवर खाते उघडले असेल, तर ते तिथे जाऊन वेगळे बंद करावे लागते.

संगणक विकायचा किंवा कोणाला द्यायचा असेल, तर एवढ्याने भागत नाही. सारे रान नांगरावे लागते. आपल्या कामाच्या फाइलींची प्रत काढून घ्या. मग विंडोजमधील 'रीसेट' या सोयीत सर्व काही काढण्याचा आणि तबकडी स्वच्छ करण्याचा, असे दोन्ही पर्याय निवडा. त्याला काही तास लागतील. लागू द्या.

उलट, एखादे छायाचित्र चुकून पुसले गेले, तर हेच ज्ञान दुसऱ्या बाजूने उपयोगी पडते. त्या कार्डावर किंवा पेनड्राइव्हवर पुढे काहीही लिहू नका. सातबाऱ्यावरून नाव गेले, तरी नांगर फिरेपर्यंत पीक उभे असते.

त्या विद्यार्थ्याला मी दोन गोष्टी सांगितल्या. संगणक ज्या दुकानातून घेतला तिथे कळवून ठेव, म्हणजे मूळ मालकापर्यंत निरोप जाईल. आणि फाइली न उघडता सारा संगणक रीतसर पुसून घे. पंधरा दिवसांनी तो भेटला. म्हणाला, "सर, चार तास लागले. आता खेळ पहिल्या टप्प्यापासून सुरू होतो."

करून पाहा

शिक्षकांच्या देखरेखीखाली हा प्रयोग करावा. एक रिकामा पेनड्राइव्ह घ्या. त्यावर एखाद्या फुलाचे चित्र ठेवा व ते डिलीट करा. आता 'फोटोरेक' ही विनामूल्य मिळणारी आज्ञावली चालवून चित्र परत मिळते का पाहा. मिळालेले चित्र त्याच पेनड्राइव्हवर न साठवता संगणकावर साठवा. मग पेनड्राइव्हला 'क्विक फॉरमॅट' करून पुन्हा तोच शोध घ्या. शेवटी 'क्विक' ही खूण काढून पूर्ण फॉरमॅट करा आणि तिसऱ्यांदा शोधा. प्रत्येक फॉरमॅटला किती वेळ लागला, तो घड्याळ लावून मोजा. तीन वेळचे निष्कर्ष आणि दोन फॉरमॅटांचे वेळ एकाखाली एक लिहिले, की नाव कमी करणे आणि रान नांगरणे यांतला फरक तुमच्याच वहीत दिसेल.